पिंपातला समुद्र

जुलैचा शेवटचा आठवडा होता आणि मालवणात दोन दिवस पावसाने उघडीप दिली होती. दांडी किनाऱ्याजवळच्या एका घरामागच्या खळ्यात चार-पाच माणसं एका निळ्या पिंपाभोवती उभी होती. जमिनीत दोन जाड खुंट रोवून त्यांवर आडवी फळी ठोकलेली, फळीला होडीचं इंजिन आवळून बसवलेलं आणि त्याचा खालचा अर्धा भाग पिंपातल्या पाण्यात बुडालेला. होडी चालवणाऱ्या तांडेलाने दोरी ओढली. एकदा, दोनदा. तिसऱ्या ओढीला इंजिन खोकलं, निळसर धुराचा लोट निघाला आणि एकसुरी आवाज लागला. दोन महिने बंद पडून राहिलेलं यंत्र तिसऱ्याच ओढीला सुरू झालं म्हटल्यावर लोक खूश होतील असं मला वाटलं होतं. पण आवाजाकडे कुणाचं लक्षच नव्हतं. सगळ्यांचे डोळे इंजिनाच्या मागच्या अंगाला, करंगळीही जाणार नाही अशा एका बारीक भोकावर खिळले होते.

“धार इली?” तांडेलाने विचारलं.

“इली,” पुतण्या म्हणाला.

त्या भोकातून पाण्याची एक बारीक, तिरकी धार निघून पिंपाच्या काठावर पडत होती. तांडेलाने हात पुढे करून ती तळव्यावर घेतली, थोडा वेळ तशीच धरली आणि मग मान हलवली. इंजिन ठीक आहे, हे त्याला कानांनी कळलं नाही, तळहाताने कळलं.

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते. होड्या वाळूवर ओढून झाकून ठेवतात, इंजिनं उतरवून पडवीत नेतात. बंदी उठायची वेळ आली, नारळी पौर्णिमा जवळ आली, की ती पुन्हा बाहेर निघतात. भर समुद्रात जाऊन इंजिन बिघडलेलं कळण्यापेक्षा आधी घरीच चालवून पाहणं शहाणपणाचं. अडचण एवढीच की हे इंजिन जमिनीवर चालण्यासाठी केलेलंच नाही. त्याला जमिनीवर चालवायचं तर त्याच्यासाठी थोडा समुद्र घरी आणावा लागतो. तो त्या पिंपात होता.

होडीच्या मागच्या फळीवर, बाहेरच्या बाजूला टांगलेलं म्हणून आउटबोर्ड. किनाऱ्यावर त्याला नुसतं इंजिन किंवा मशीन म्हणतात. वर झाकणाखाली सिलिंडर, तिथून खाली जाणारा उभा दांडा, तळाशी गिअरची पेटी आणि पंखा. इतकं सगळं एकाच उचलण्याजोग्या वस्तूत बसवायची कल्पना शंभरेक वर्षांपूर्वीची. नॉर्वेत जन्मलेला आणि अमेरिकेत मिलवॉकीला यंत्रं बनवणारा ओले एव्हिनरूड १९०६ च्या उन्हाळ्यात एका सहलीत आइस्क्रीम आणायला तळ्यातून वल्हवत गेला आणि परत येईतो ते वितळून गेलं, त्या चडफडीतून त्याला होडीच्या इंजिनाचं सुचलं, अशी गोष्ट सांगतात. त्याच्याही आधी कॅमेरॉन वॉटरमन नावाच्या अमेरिकन माणसाने असं इंजिन केलं होतं. पण १९०९ पासून एव्हिनरूडने विकायला काढलेलं दीड अश्वशक्तीचं, ६२ पौंड वजनाचं यंत्र लोकांनी उचललं. ज्याने थंड व्हायचं ते पाणी सोबत न बाळगण्याची युक्ती तेव्हापासूनच्या या घराण्यात मुरलेली आहे.

ही युक्ती किती मोठी आहे, ते आपल्या रस्त्यावरची वाहनं पाहिली की कळतं. मोटरसायकलच्या सिलिंडरला पातळ पातळ पंख असतात, त्यांतून वारा जातो. रिक्षात वारा घालायला पंखा असतो. मोटारीत रेडिएटर असतो, त्याची टाकी, त्याचं हिरवं पाणी, त्याच्या नळ्या, त्याचा पंखा. होडीच्या इंजिनात यातलं काहीही नाही. सिलिंडर एका बंद झाकणाखाली दडलेला, वाऱ्याचा स्पर्श नाही, रेडिएटर नाही, पाण्याची टाकी नाही. कारण ज्याच्यावर ते तरंगतं तोच त्याचा रेडिएटर. तळाशी, गिअरच्या पेटीच्या बाजूला बारीक जाळीच्या खाचा असतात. तिथून समुद्र आत घ्यायचा, वर चढवायचा, तापलेल्या धातूभोवती फिरवायचा आणि गरम झाला की परत समुद्रात सोडून द्यायचा. अरबी समुद्राएवढी टाकी खाली असताना स्वतःची टाकी कोण वाहील?

आता उष्णतेचा हिशोब बघा. एक लिटर पेट्रोल जळलं की साधारण ३२ मेगाज्यूल ऊर्जा मोकळी होते. त्यातला जेमतेम चौथा हिस्सा पंख्यापर्यंत पोचून होडी पुढे ढकलतो. बाकी सगळी उष्णता. काही धुराबरोबर निघून जाते आणि तितकाच मोठा वाटा सिलिंडरच्या भिंतींत शिरतो. पेट्रोल पेटतं त्या क्षणी सिलिंडरमधला वायू २००० अंश सेल्सिअसच्या वर जातो. ज्या ॲल्युमिनिअमचा पिस्टन आणि ज्या ॲल्युमिनिअमचा ठोकळा, ते ६६० अंशांना वितळतं. म्हणजे स्वतःला सहज वितळवू शकेल अशी आग हे यंत्र पोटात बाळगतं, आणि पूर्ण वेगात दोन स्ट्रोकचं इंजिन सेकंदाला ऐंशी-नव्वद वेळा ती पेटवतं. तरीही बाहेरचा धातू हात भाजेल इतपतच तापतो, कारण आग क्षणभराची असते आणि भिंतीच्या पलीकडून गार पाणी सतत वाहत असतं. भिंतीची जाडी काही मिलिमीटर. अलीकडे ज्वाला, पलीकडे मालवणचा समुद्र.

पाणीच का? एक लिटर पाणी एका अंशाने तापायला जेवढी उष्णता पितं, तेवढीच उष्णता एका अंशाच्या वाढीत मुरवायला सुमारे साडेतीन हजार लिटर हवा लागते. खळ्यातलं पिंप दोनशे लिटरचं, त्यात दीडशे लिटर पाणी होतं. इंजिन हळू आवाजात पाव तास चालून समजा पाव लिटर पेट्रोल जळलं आणि त्यातली निम्मी उष्णता पिंपात उतरली, तर पाणी सहा-सात अंशांनी गरम होतं. तीच उष्णता हवेत सोडून हवा तितकीच तापवायची म्हटलं तर पाचशे घनमीटरांहून जास्त हवा पाहिजे, म्हणजे लग्नाचं एक बऱ्यापैकी सभागृह. ते सभागृह त्या निळ्या पिंपात मावलं होतं.

हे पाणी वर चढवतं कोण, हा प्रश्न मला वीस वर्षांपूर्वी पडायला हवा होता. तेव्हा खाडीकाठच्या एका गावी नातेवाइकांकडे पडवीत लाकडी घोडीवर एक इंजिन टांगलेलं होतं. घरी कुणी नव्हतं. दोरी दिसली, ओढून बघावीशी वाटली. तिसऱ्या ओढीला ते चालू झालं आणि मी अर्धं मिनिट त्याचा आवाज ऐकत उभा राहिलो. घाबरून बंद केलं. आवाज छान होता, धूर छान होता, काही तुटल्याचं दिसलं नाही, म्हणून मी कुणाला सांगितलं नाही. चार दिवसांनी त्याच इंजिनावर खाडीत गेलेले लोक वल्ह्यांनी परत आले. मोटर तापून बंद पडली होती. मी केलेलं मी त्याच संध्याकाळी सांगितलं, पण अर्ध्या मिनिटात मी नेमकं काय केलं होतं, ते मला या जुलैपर्यंत डोळ्यांनी दिसलं नव्हतं.

मालवणच्या त्या खळ्यात दुरुस्तीला आलेला मेकॅनिक होता. त्याच्या खोक्यात एक जुना पंप पडलेला होता, तो त्याने माझ्या हातावर ठेवला. तळहातात मावेल असा कप, आतून चकचकीत पोलादी अस्तर, आणि त्यात बसणारं काळ्या रबराचं सहा पाकळ्यांचं फूल. “ह्या फुलार सगळा चालता,” तो म्हणाला.

या फुलाला इम्पेलर म्हणतात. गंमत अशी की ते कपाच्या बरोबर मध्यभागी बसत नाही, एका बाजूला सरकून बसतं. त्यामुळे एका बाजूच्या पाकळ्या भिंतीला दाबून वाकतात आणि समोरच्या बाजूच्या मोकळ्या होऊन ताठ होतात. उभा दांडा फिरला की फूल फिरतं. पाकळी दाबलेल्या बाजूकडून मोकळ्या बाजूकडे जाते तेव्हा तिच्या आणि शेजारणीच्या मधली जागा वाढते, वाढलेल्या जागेत पाणी ओढलं जातं. पुढे जाऊन पाकळी पुन्हा वाकते, जागा आकसते, पाण्याला वर जाण्यावाचून गत्यंतर राहत नाही. न झडप, न स्प्रिंग. रबराचं लवचिकपण हाच सगळा पंप. मी बोटाने ते फूल कपात फिरवून पाहिलं. ओल्या रबराची फट-फट अशी मऊ चाल हाताला जाणवत होती. वेग वाढला की आणखी एक बदल होतो, जो मला फार देखणा वाटतो: जोराने वर येणाऱ्या पाण्याच्या दाबापुढे पाकळ्या भिंतीपासून सुटतात, भिंतीला घासणं कमी होतं आणि तेच फूल नुसत्या फिरण्याच्या जोराने पाणी बाहेर फेकू लागतं. एकच वस्तू हळू चालताना एका जातीचा पंप असते आणि वेगात दुसऱ्या.

पण हळू चालताना रबर पोलादावर घासतंच. आणि या घासण्यात वंगण कसलं? तेल नाही, ग्रीस नाही. जे पाणी ते उपसतं तेच त्याचं वंगण आणि तेच त्याला गार ठेवणारं. पाणी नसेल तर कोरडं रबर कोरड्या पोलादावर मिनिटाला हजार फेऱ्यांनी घासलं जातं. काही सेकंदांत पाकळ्यांची टोकं तापतात, गुळगुळीत होतात, मग कडक होऊन तडकतात. मेकॅनिकने खोक्यातून दुसरं एक फूल काढलं, कुणाच्या तरी इंजिनात कोरडं चाललेलं. सहापैकी चार पाकळ्या मुळापासून तुटलेल्या, उरलेल्या दोन जळक्या वासाच्या. माझं ते अर्धं मिनिट मला तिथे दिसलं.

त्यात आणखी एक खोच आहे. गिअर टाकलेला नाही, पंखा फिरत नाही, म्हणजे खालचं काहीच चालत नाही असा समज होतो. तो चुकीचा. गिअर फक्त पंखा जोडतो, तोडतो, उलटा फिरवतो. उभा दांडा इंजिन सुरू झाल्या क्षणापासून फिरतच असतो, नेहमी एकाच दिशेला, आणि फूल त्या दांड्यावरच बसलेलं. म्हणून न्यूट्रलमध्ये, अगदी हळू, ‘नुसतं एकदा सुरू करून बघतो’ म्हणून चालवलं तरी पंप कोरडा फिरतो. तुटलेल्या पाकळ्यांचे तुकडे तिथेच राहत नाहीत, हेही लक्षात ठेवायला हवं. नंतर पाणी आलं की ते त्याच्याबरोबर वर जातात आणि सिलिंडरभोवतीच्या अरुंद वाटांत अडकतात. नवं फूल बसवल्यावरही इंजिन तापतं ते यामुळे. चांगला मेकॅनिक म्हणूनच तुकडे गोळा करून फुलाला जोडून बघतो आणि सहा पाकळ्यांचा हिशोब लागेपर्यंत शोधत राहतो.

रबर सेकंदांत जातं, धातू मिनिटांत. पाणी थांबल्यावर आधी पिस्टन फुगतो. ॲल्युमिनिअम तापल्यावर लोखंडाच्या जवळपास दुप्पट प्रसरण पावतं, आणि बऱ्याच इंजिनांत ॲल्युमिनिअमचा पिस्टन लोखंडी अस्तराच्या सिलिंडरमध्ये सरकत असतो. दोहोंमधली फट केसाएवढी. पिस्टन फुगला की तेलाचा थर पिळून निघतो, धातू धातूला ओरखडतो आणि एका क्षणी जाम बसतो. याला सगळीकडे ‘सीज झालं’ म्हणतात, आणि ते ऐकल्यावर मालकाचा चेहरा उतरतो, कारण पुढचा खर्च त्याला ठाऊक असतो. अलीकडच्या इंजिनांत तापल्यावर शिट्टी वाजते किंवा वेग आपोआप उतरतो. पण शिट्टी इंजिनाचं तापमान बघून वाजते. फूल जळताना ती गप्पच असते.

हे झालं पाणी न मिळाल्यावर. पाणी मिळाल्यावरही एक संकट त्याच्याबरोबर आत येतं, ते म्हणजे मीठ. समुद्राच्या एका लिटर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात. इंजिनातून मिनिटाला दहा लिटर पाणी जातं असं धरलं, तर तासाला सहाशे लिटर, म्हणजे एकवीस किलो मीठ त्या बोटभर रुंदीच्या वाटांतून जाऊन बाहेर पडतं. दिवसभराच्या मासेमारीत पोती भरतील. वाहतं आहे तोवर ठीक. थांबलं, आत राहिलेलं पाणी वाळलं, की कोपऱ्याकोपऱ्यात स्फटिक बसतात आणि त्यांच्याखाली ॲल्युमिनिअम कुरतडलं जाऊ लागतं.

याहून चिवट प्रकार म्हणजे चुनखडीचा थर. बोअरवेलचं पाणी असलेल्या घरांत गिझरची कॉइल काढली की तिच्यावर पांढरं कवच दिसतं, ते कुणी पाहिलं नसेल असं नाही. साखर गरम पाण्यात जास्त विरघळते. चुन्याच्या काही क्षारांचं मात्र उलट, पाणी जितकं तापेल तितके ते बाहेर पडून धातूला चिकटतात. समुद्राच्या पाण्यात हे क्षारही आहेत. म्हणून होडीच्या इंजिनाला मुद्दाम थंड चालवतात. मोटारीचा थर्मोस्टॅट ८०-९० अंशांच्या आसपास उघडतो, समुद्राच्या पाण्यावर चालणाऱ्या इंजिनाचा बहुधा ५०-६० अंशांना. त्याहून तापू दिलं तर इंजिनाच्या आत गिझर तयार होईल.

आणि हा थर्मोस्टॅट कशावर चालतो? मेणावर. एका पितळी डबीत मेण भरलेलं असतं. पाणी ठरावीक उष्णतेला पोचलं की मेण वितळतं, वितळताना फुगतं आणि एक काडी पुढे ढकलतं, झडप उघडते. पाणी निवलं की मेण गोठतं, आकसतं, स्प्रिंग झडप मिटवते. वीज नाही, मेंदू नाही, चिमूटभर मेण आणि त्याच्या वितळण्याचा ठरलेला अंश.

इथे जमिनीवर इंजिन चालवण्याचं दुसरं, खरं तर जास्त महत्त्वाचं कारण सापडतं. चाचणी वर्षातून एकदा, पण धुणं दर फेरीनंतर हवं. आतलं मीठ काढायचं तर गोडं पाणी आतून फिरलं पाहिजे, आणि बऱ्याच इंजिनांत सिलिंडरभोवतीच्या वाटा पुरत्या खुल्या होण्यासाठी ते मेण वितळावं लागतं. म्हणजे इंजिन चालू ठेवून नीट गरम होऊ द्यायला हवं, दहा-पंधरा मिनिटं तरी. बाहेरून पाइप मारून इंजिन चकाचक धुणाऱ्यांना मी पाहिलं आहे. आतलं मीठ त्या पाण्याला दिसतसुद्धा नाही. पाणीही खरंच गोडं पाहिजे. उन्हाळ्यात किनाऱ्यालगतच्या विहिरी मचूळ होतात, त्या पाण्याने धुऊन अर्धंच काम होतं. नव्या इंजिनांना बाजूला पाइप जोडायचं वेगळं तोंड दिलेलं असतं, आणि त्यातल्या बहुतेकांत ते वापरताना इंजिन बंद ठेवायचं असतं, कारण तिथून शिरलेलं पाणी वरच्या भागात जातं, खालचा पंप कोरडाच राहू शकतो. इथे कंपनीच्या पुस्तिकेत काय लिहिलंय ते शब्दशः पाळावं.

पिंपाखेरीज आणखी एक साधन आहे. डोक्यावर घालायच्या हेडफोनसारखी तारेची पकड, तिच्या दोन टोकांना दोन रबरी वाट्या, एकीला बागेचा पाइप जोडायची सोय. या वाट्या तळाच्या जाळ्यांवर दोन्ही बाजूंनी घट्ट बसवायच्या आणि नळ सोडायचा. मालवणच्या मेकॅनिकचा नियम चार शब्दांत: आधी पाणी, मगे इंजिन. बंद करताना उलट, आधी इंजिन, मग नळ. (होडीच्या पोटात बसवलेल्या इंजिनाला पाइप थेट जोडला असेल तर हाच नियम फिरवावा लागतो, तिथे इंजिन बंद असताना नळाच्या जोराने आलेलं पाणी धुराच्या वाटेने सिलिंडरपर्यंत चढू शकतं. एकाचं शिकलेलं दुसऱ्याला लावू नये.) वाट्या सरकतात, विशेषतः इंजिन थरथरल्यावर, म्हणून तिथून हलायचं नाही. काही इंजिनांना पाणी घ्यायच्या खाचा गिअरच्या पेटीच्या नाकाकडेही असतात. त्या उघड्या राहिल्या तर पंप पाण्याऐवजी हवा ओढतो, म्हणून त्यांवर चिकटपट्टी लावतात. आणि वाट्यांवर असताना वेग वाढवायचा नाही, कारण नळ देतो तेवढंच पाणी पंपाला मिळतं. समुद्रासारखं मागेल तेवढं नळ देत नाही.

वेगाची भीती पिंपातही असतेच, पण वेगळ्या कारणाने. समुद्रात पंखा पाण्याला ढकलतो, त्या ओझ्याने इंजिन आवाक्यात राहतं. न्यूट्रलमध्ये ओझं काहीच नाही; मूठ जराशी पिळली की फेऱ्या भसकन वाढतात. शिवाय बऱ्याच इंजिनांचा धूर पंख्याच्या मधूनच, पाण्याखाली सोडलेला असतो. समुद्रात तो मागे राहून जातो. पिंपात तो जागच्या जागी बुडबुडतो, पाणी फेसाळतं, काळं पडतं, आणि फेसाळ पाणी म्हणजे पंपाच्या दृष्टीने अर्धी हवा. म्हणून हळू चालवायचं आणि मधूनमधून पाणी बदलायचं. पुतण्या बादलीने सतत नवं पाणी ओतत होता, जुनं काठावरून वाहून जात होतं. पाण्याची पातळी पंख्यावरच्या आडव्या पट्टीच्या चांगली वीतभर वर होती, कारण पंप त्या पट्टीच्या वर बसलेला असतो. पट्टी बुडाली म्हणजे झालं, असं समजणारा माणूस पंप हवेत ठेवून बसतो.

पंखा त्यांनी आधीच काढून ठेवला होता. लहान मुलं अंगणात धावत होती म्हणून, आणि पिंपात पंखा फिरला तर पिंप फोडेल म्हणून. इंजिन बंद करणारी लाल गुंडाळीची दोरी तांडेलाच्या मनगटात होती. वरचं झाकण काढलेलं होतं, तेव्हा मेकॅनिकने सदऱ्याच्या बाह्या वर चढवल्या आणि गळ्यातला टॉवेल काढून लांब फेकला. वरचं जड चाक इतक्या वेगाने फिरत असतं की ते फिरतंय हे डोळ्यांना कळतही नाही.

आणि हे सगळं उघड्यावर चाललं होतं. पाऊस पुन्हा भुरभुरू लागला तेव्हा कुणीतरी म्हणालं, पडवीत घेऊ या. तांडेलाने साफ नकार दिला. त्याचं कारण त्याने सांगितलं नाही, पण ते भक्कम आहे. पेट्रोलच्या धुरातल्या कार्बन मोनॉक्साइडला रंग नाही, वास नाही, आणि रक्तातल्या हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा दोनशेहून अधिक पट घट्ट चिकटतो. एकदा चिकटला की सहजी सोडत नाही. डोकं जड होतं, झोप येते, आणि माणूस समजतो की दमलोय. भिजलेलं इंजिन पुसता येतं. बंद खोलीत, शेडमध्ये, दार उघडं ठेवूनसुद्धा, हे काम करू नये.

मध्येच धार बारीक झाली. पुतण्या ओरडला, तांडेलाने मनगट ओढलं, इंजिन बंद. दोन सेकंदही गेले नसतील. मेकॅनिकने जाळ्याला बांधायच्या तंगूसचा, म्हणजे नायलॉनच्या दोऱ्याचा, एक वीतभर तुकडा घेतला आणि धारेच्या भोकात सरकवला. मातीची एक गोळी बाहेर आली. दोन महिने पडवीत टांगलेल्या इंजिनाच्या भोकात कुंभारमाशीने घर बांधायला घेतलं होतं. धार म्हणजे आत फिरणाऱ्या पाण्यातून काढलेला एक छोटा फाटा असतो, त्यामुळे ती थांबली म्हणजे पंप मेलाच असं नाही. आणि ती वाहते आहे म्हणून सगळ्या वाटा मोकळ्याच आहेत असंही नाही. म्हणून तिच्याकडे पाहायचं आणि तिला हातही लावायचा. कोमट असेल तर उष्णता वाहून नेली जाते आहे. चटका बसला तर कुठेतरी पाणी कमी पडतंय. डॉक्टर नाडीवर बोटं ठेवतात, त्याच्याशी याचं नातं मला स्पष्ट दिसलं.

जुनं फूलही त्या दिवशी बदललं. ते तुटलेलं नव्हतं. पण दोन महिने कपात एकाच जागी दाबून बसल्याने त्याच्या तीन पाकळ्या वाकल्या त्या वाकलेल्याच राहिल्या होत्या. हातात घेतलं तरी ताठ होत नव्हत्या. अशी पाकळी पाणी ढकलते, पण कमी. नवं फूल बसवताना मेकॅनिकने त्याला साबणाचं पाणी लावलं, दांडा ज्या दिशेने फिरतो त्याच दिशेने पिळत पिळत कपात उतरवलं, म्हणजे सगळ्या पाकळ्या योग्य बाजूला झुकतात आणि पहिल्या काही फेऱ्या कोरड्या जात नाहीत.

सगळं झाल्यावर इंजिन उभंच ठेवलं, आडवं केलं नाही. उभं असलं की आतलं पाणी आपल्या वजनाने खाली उतरून निघून जातं. दहाएक मिनिटं त्याच्या तळातून थेंब गळत राहिले. पिंप दोघांनी धरून माडाच्या अळ्यापासून लांब, रस्त्याकडेच्या गटारापलीकडच्या खडकाळ जागेत कलंडलं. तेलाचा तवंग आलेलं पाणी माडाला घालत नाहीत.

नारळी पौर्णिमेनंतर तिसऱ्या दिवशी मी त्यांच्याबरोबर होडीत होतो. लाटा अजून पावसाळी होत्या. चौघांनी होडी पाण्यात लोटली, कमरेएवढ्या पाण्यात आल्यावर तांडेल चढला, इंजिन खाली सोडलं, दोरी ओढली. समोरून एक मोठी लाट येत होती आणि मी तिच्याकडे बघत होतो. तो मागे वळून इंजिनाकडे बघत होता. धार आली. मग त्याने समोर पाहिलं.